चिलापी वाढंना, लेंढार वाढायलंय

अंबड तालुक्यातल्या एका भाऊनं विचारलंय, बाकीच्यालाबी कळावं म्हणून त्यांचा प्रश्न थोडक्यात मांडतो. मोसंबीसाठी ३० बाय ३० मीटरचं पन्नी टाकलेलं शेततळं आहे, त्यात फेब्रुवारीत मोनोसेक्स (म्हणजे सगळे नरच) म्हणून ५००० तिलापियाची, म्हणजे आपल्या चिलापीची, पिल्लं सोडली, रोज तरंगणारं खाद्य टाकलं, अन् आता नऊ महिन्यांनी जाळं फिरवलं तर पाव-अर्धा किलोचे मोजके मासे निघाले, बाकी सगळे बोटाएवढे, हजारोंनी. आता त्यांचं म्हणणं असं की मासे वाढंनात, मग खाद्य वाढवू का, अन् बीजवाल्यानं फसवलं का?

खाद्याचं आधी सांगतो कारण त्यात रोज पैसा चाललाय. वाढवू नका, उलट आज संध्याकाळपासून बंद करा. मासे मरणार नाहीत, का ते पुढं येईलच.

दुसरं म्हणजे तुमचे मासे वाढले नाहीत हे खरंच नाही. ते जे पाव-अर्धा किलोचे मोजके हाती लागले ना, तेच तुमचे मासे. बाकीचे बोटाएवढे हजारो तुम्ही सोडलेलेच नाहीत. ती त्यांची लेकरं अन् लेकरांची लेकरं. म्हणजे वाढ थांबली हा रोग नाहीच, तळ्यात खाणारी तोंडं किती झाली तो हिशोब चुकलाय.

आमचं घराणं भोयाचं, पैठणच्या अलीकडचं, नाथसागरावर, म्हणजे जायकवाडी धरणावर, बापाबरोबर जाळं ओढत वाढलो अन् आता सतरा-अठरा वर्षं शेततळ्याच्या माशातच आहे. शेतकरी जी गोष्ट हमखास विसरतो ती ही की तो मासा म्हणजे रोहू-कटला असं डोक्यात धरून चालतो. रोहू, कटला, मृगळ हे नदीचे मासे. मादी लाखांनी अंडी देते पण त्यासाठी तिला पावसाळ्यातलं वाहतं, चढतं पाणी लागतं, शेततळ्यातल्या थांबल्या पाण्यात ती वीतच नाही. तुम्ही हजार बोटुकली सोडली तर काढताना हजाराच्या आतच निघणार, वर एकबी नाही. म्हणून आपल्याला तळ्यात पाळणा हलंल ही भीतीच नसती. चिलापीचं गणित पार उलटं आहे. तिला ना पूर लागतो ना पाऊस, पाणी कोमट असलं की झालं.

तिची सगळी रीत नीट समजून घ्या, पुढचं जे जे सांगणार ते तिथूनच निघतं. पाणी साधारण २२-२४ अंशाच्या वर गेलं की नर तळाला किंवा कडेच्या उथळात शेपटी अन् तोंड वापरून ताटासारखा गोल खड्डा करतो अन् त्याची राखण करतो, दुसऱ्या नराला जवळ फिरकू देत नाही. आपली धरणातली जुनी चिलापी, म्हणजे मोझांबिकची, तिचा नर ह्या दिवसात काळाभोर होतो, गळा पांढरा अन् परांच्या कडा लाल, नवरदेवच. मादी येते, खड्ड्यात अंडी टाकते, नर त्यावर फिरतो, अन् लगेच मादी सगळी अंडी तोंडात भरून घेऊन निघून जाते. बस, नराचं काम संपलं, तो पुढच्या मादीची वाट बघत बसतो. अंडी तोंडातच फुटतात तीन ते पाच दिवसात, पिल्लंबी तोंडातच राहतात पोटावरची पिवळी पिशवी जिरेपर्यंत, अन् बाहेर सोडल्यावरबी काही दिवस जरा खुट्ट झालं की परत आईच्या तोंडात. सगळं मिळून दहा-पंधरा दिवस. एवढे दिवस आई जवळजवळ उपाशी.

ह्यातच सगळं आलं बघा. रोहूची लाखातली मूठभर जगतात. चिलापीची मादी अंडी देते शे-दोनशेपासून फार तर हजार-दीड हजार, तिच्या अंगाप्रमाणं, पण तोंडात सांभाळल्यामुळं त्यातली बहुतेक जगतात. अन् ती वर्षातून एकदा नाही, पाणी गरम असेपर्यंत दर चार-सहा आठवड्याला. जाळ्यात कधी एखादी मादी धडपडताना तोंडातून पिवळसर दाणे थुंकताना बघितली असंल तुम्ही, लोकं म्हणतात माशानं खाल्लेलं ओकलं. ते खाल्लेलं नसतं, ते तिचं घर असतं.

आता तुम्ही खाद्य वाढवायचं म्हणालात त्याची गोष्ट. जागा अन् खायला भरपूर असलं तर नाईलची चिलापी (मोनोसेक्स बीज म्हणून येते ती) पाच-सहा महिन्यांनी, दीड-दोनशे ग्रॅमची झाली की वयात येते. पण गर्दी झाली, खाणं वाटून गेलं, पाणी आटायला लागलं, की हा मासा अंग वाढवायचं सोडतो अन् वीस-तीस ग्रॅमलाच अंडी द्यायला लागतो. माणसाला वाटतं उपाशी जीव आधी स्वतःचं पोट बघंल. हा उलटं करतो. मोठं होईपर्यंत जगू का नाही ह्याची खात्री नसली तर आत्ताच लेकरं टाकून मोकळं व्हायचं. २०१५-१६ च्या दुष्काळात नाथसागराचं पाणी पार खाली गेलं तेव्हा आम्ही हे डोळ्यानं बघितलं, डबक्यात अडकलेली चिलापी करंगळीएवढी अन् चिरली की पोटात गाभोळी. आमचा म्हातारा म्हणायचा, खायला काळ अन् भुईला भार. मला तेव्हा पटलं होतं, आता तेवढं पटत नाही, कारण तिच्या बाजूनं बघितलं तर ती शहाणीच म्हणायची. ज्या नदीतून ती आली तिथं एकदा पाणी वर एकदा खाली, तिथं हीच चाल चालते. फक्त तुमच्या खाद्याच्या बिलाला ती परवडत नाही.

तर वाढीव खाद्य जाणार कुठं? मोठ्या चार माशांच्या तोंडात नाही, हजारो बारक्यांच्या तोंडात, अन् त्यांच्या पोटात त्याचं मांस नाही अंडी होणार. म्हणून बंद करा म्हणालो. चिलापी शेवाळावर जगते, हिरवं पाणी गाळून खाते, तिच्या जठरातलं आम्ल इतकं तिखट की जे निळं-हिरवं शेवाळ बाकीच्या माशाला पचत नाही ते ती पचवते, आतडंबी लांबच लांब. एक-दोन महिने गोळी खाद्य नाही दिलं तर वाढणार नाही पण मरणारबी नाही.

आता मोनोसेक्स असताना लेकरं आली कुठून. इथं मात्र माझ्याकडं एकच उत्तर नाही, तीन शक्यता आहेत, अन् तुमच्या तळ्यात कोणती ते तुम्हालाच बघावं लागंल. बीजवाल्यावर आत्ताच धावून जाऊ नका, नाहीतर चोर सोडून संन्याशाला फाशी व्हायची.

पहिली शक्यता बीजातच माद्या होत्या. मोनोसेक्स म्हणजे काय तर पिल्लू पोहायला लागल्याबरोबर, एक सेंटीमीटरच्या आसपास असताना, त्याला तीन-चार आठवडे मिथाईल टेस्टोस्टेरॉन मिसळलेलं खाद्य देतात. त्या वयात ते नर का मादी हे पक्कं ठरलेलं नसतं, म्हणून ज्या माद्या होणार होत्या त्याबी नर म्हणून वाढतात. नर का, तर नर जोरात वाढतो, मादीचं अर्ध आयुष्य उपाशी अन् बाळंतपणात जातं. काम नीट झालं तर शंभरात ९५ च्या वर, चांगल्या ठिकाणी ९९ पर्यंत नर निघतात. पण औषध सुरू करायला उशीर झाला, लहान-मोठी पिल्लं एकत्र ठेवली, किंवा पाणी हिरवं असल्यामुळं पिल्लांनी शेवाळावरच पोट भरून औषधाचं खाद्य सोडलं, तर हा आकडा खाली येतो. अन् आता हिशोब करा, ९६ टक्के नर हे ऐकायला किती भारी वाटतं, पण ५००० मधी ४ टक्के म्हणजे २०० माद्या झाल्या. त्यातल्या १५० जगल्या अन् एकेका विणीला २०० पिल्लं धरली तरी एका फेरीत ३०,००० झाली. म्हणजे बीजवाल्यानं कागदावर दिलेला शब्द पाळूनबी तुमचं तळं भरू शकतं. (घरचे विचारायलेत का, हार्मोनचा मासा खावा का म्हणून? सगळेच विचारतात. औषध देतात ते पिल्लू तांदळाच्या दाण्याएवढं असताना, पहिल्या महिन्यात. मासा खायला येतो पाच-सहा महिन्यांनी, तोवर ते अंगातून निघून गेलेलं असतं. मी खातो, माझी लेकरंबी खातात.)

दुसरी शक्यता, अन् तुमच्या भागात मला हीच जास्त वाटते, की रानटी चिलापी बाहेरून शिरली. तुम्ही लिहिलंय तळं विहिरीच्या पाण्यानं अन् कालव्याला पाणी आलं की कालव्यावरून भरता. तो कालवा म्हणजे जायकवाडीचा डावाच ना? मग संपलं. नाथसागरात मोझांबिकची चिलापी ठासून भरलीये, तिची पिल्लं कालव्यातून येतात, मोटारीच्या पंख्यातून एवढंसं पिल्लू सहज जिवंत निघतं. अन् इथं लोकं गोंधळतात, म्हणतात आमचे सगळे नर होते मग रानटी चार-दोन माद्यांनी काय फरक पडतो. भाऊ, तुमचे हजारो नर अन् बाहेरून आलेल्या फक्त वीस माद्या, तरी झालं, दोन्ही जातींचं आपसात लगीन लागतं अन् लेकरं निघतात. मोनोसेक्स बीज हे आतल्या माद्यांवरचं औषध आहे, बाहेरून येणारीवर नाही.

तिसरी म्हणजे कुणीतरी आणून टाकली. सालगड्याच्या पोरानं, पाहुण्यानं, धरणावरून बादलीत. हे लई होतं अन् कुणी कबूल करत नाही. मीच केलंय म्हणा ना, नवा होतो तेव्हा मेव्हण्याच्या तळ्यात धरणावरची चांगली धष्टपुष्ट ४० चिलापी हौसेनं सोडली, त्याच्या रोहूबरोबर मोठी होतील म्हणून. दुसऱ्या पावसाळ्याला रोहू वीतभर अन् चिलापीचा भुसा. मेव्हणा दोन दिवाळ्या बोलला नाही. एक मात्र सांगतो, बगळ्याच्या पायाला चिकटून अंडी येतात असं जे सांगतात ते चिलापीच्या बाबतीत बसत नाही, तिची अंडी चिकट नसतात अन् कुठं गवताला लावलेलीबी नसतात, ती आईच्या तोंडात असतात. पक्ष्याच्या चोचीतून अख्खा मासा निसटून पडला तर गोष्ट वेगळी.

आता ओळखायचं कसं. शेपटी उन्हात पसरून बघा. नाईलची असंल, म्हणजे गिफ्ट म्हणून विकतात ती, तर शेपटीच्या परावर बारीक उभ्या पट्ट्या स्पष्ट दिसतात, ओळीनं. मोझांबिकच्या शेपटीवर त्या नसतात. संकर असला तर तुटक, पुसट. मोठ्यांतले पंधरा-वीस अन् बारक्यांतले पंधरा-वीस वेगळे बघा. मोठ्यांच्या शेपटीवर पट्टे अन् बारक्यांच्या शेपट्या बऱ्याच कोऱ्या किंवा पुसट, तर बाहेरची शिरलीये. दोन्हीकडं सारखेच पट्टे असतील तर बीजातच माद्या होत्या हे धरून चाला.

मग नर-मादी बघायला शिका, पाच मिनिटाचं काम आहे. मासा ३० ग्रॅमच्या पुढचा घ्या, उताणा धरा, शेपटीकडच्या परापुढं बघा. गुदद्वारामागं एक छोटा कोंब दिसंल. नराच्या कोंबाच्या टोकाला एकच बारीक भोक, म्हणजे एकूण दोन. मादीच्या कोंबावर मधी एक आडवी चीर जास्तीची, म्हणजे एकूण तीन. दिसत नसंल तर जनावराच्या जखमेला लावतो ते जांभळं औषध कापसानं थेंबभर लावा, चीर लगेच उठून दिसते. पहिल्या वीस-तीस माशाला चुकाल, मग हात बसतो.

अन् बोटाएवढ्यातले दहा चिरून बघा. डोकं मोठं, डोळे मोठे, अंग वाळकं अन् पोटात पिवळी गाभोळी, असे निघाले तर ती पोरं नाहीत, ती म्हातारी आहेत, वाढ खुंटलेली. ती कितीबी खाऊ घातली तरी आता भाव येईल एवढी होणार नाहीत अशाच हिशोबानं चाला. पोट कोरं निघालं तर पिल्लं खरंच कवळी आहेत अन् त्यातले नर वेगळे काढून वाढवता येतील.

आता करायचं काय. हे सगळं एका गोष्टीवर अवलंबून आहे, ते तळं रिकामं करता येतं का. तुमचं नाही येत, उन्हाळ्यात मोसंबी त्यावर जगवायची आहे, मोसंबी सोडून माशासाठी पाणी सोडा म्हणणारा मी वेडा नाही. ज्यांना रिकामं करता येतं त्यांनी सरळ करावं, पुढचा परिच्छेद त्यांच्यासाठी नाही.

तुमच्यासाठी ह्या दिवसात एक गोष्ट चांगली आहे, थंडी. परभणीचा पारा उतरल्याची बातमी पेपरात यायला लागली की समजा पाणीबी उतरलं. २० च्या खाली पाणी गेलं की चिलापी वीत नाही, १६-१७ ला खाणंबी सोडते. डिसेंबर अन् अर्धा-पाऊण जानेवारी हा तुम्हाला मिळालेला वेळ, ह्या काळात नवी भर पडत नाही, जेवढे काढाल तेवढे कमीच होतील. तेव्हा सकाळी ऊन आल्यावर ओढजाळं फिरवा. पण एका फेरीत निघतील ही आशा धरू नका, चिलापी जाळ्यावरून उडी मारती अन् जमलं तर जाळ्याखालून गाळात तोंड खुपसून निसटती, म्हणून दोन-दोन दिवसांनी चार-पाच फेऱ्या. जाळ्याच्या खालच्या शिशाच्या गोळ्यांनी पन्नी फाटणार नाही ह्याची काळजी घ्या, मी तिथं शिसं काढून जाड ओला दोर लावतो. निघाले ते तीन ढीग करा. पावकिलोच्या वरचे विकून टाका. ३० ते १०० ग्रॅममधले नर ओळखून हाप्यात, म्हणजे पाण्यात बांधलेल्या जाळीच्या पेटीत, ठेवा. बाकी सगळं, म्हणजे माद्या अन् भुसा, बाहेर. आठवडी बाजारात वाट्यावर जातं ते, तळून खायला लोकं घेतात, भाव मिळत नाही पण नेणाऱ्याचा खर्च निघतो. उरलं तर खड्डा करून शेणात मुरवा, मोसंबीलाच खत.

एक हात जोडून सांगणं, तो भुसा नाल्यात, गावतळ्यात, दुसऱ्याच्या विहिरीत सोडू नका. जीव वाचवला म्हणून पुण्य वाटतं पण ते पुण्य नाही. मोझांबिकची चिलापी जगातल्या सगळ्यात उपद्रवी १०० परक्या जीवांच्या यादीत आहे. आपल्या देशात ती १९५२ ला आणली, पोटभर स्वस्त मासा मिळंल ह्या भल्या हेतूनं, अन् १९५९ लाच तिचा प्रसार थांबवायचा सरकारी निर्णय झाला, तोवर ती सुटलेली होती. गंमत बघा, तिच्या मायदेशात, आफ्रिकेत, तीच मोझांबिकची चिलापी आता धोक्यातली म्हणून नोंदली गेलीये, कारण माणसानं तिथं नाईलची नेली अन् दोघींचा संकर होऊन अस्सल कमी व्हायली. अर्थात मी भोयाचा पोरगा, धरणावरचं आमचं निम्मं घर आज चिलापीवरच चालतं, उजनीकडंबी तेच. त्यामुळं तिला शिव्या देणाऱ्यात मी नाही. पण जिथं नाही तिथं नेऊ नका एवढंच.

जाळ्यानं जे निघत नाहीत त्यांच्यासाठी मरळ. मरळ ही पिल्लं वेचून खाते अन् मराठवाड्यात मरळीला भाव आहे हे मी सांगायला नको. ३० बाय ३० ला मी पन्नास-साठ मरळ सोडतो, बोटभर ते वीतभर. जी चिलापी ठेवायची आहे तिच्यापेक्षा मरळ लहान पाहिजे, नाहीतर ती तुमचाच माल खायला लागंल. अन् तळ्याच्या कडेनं दोन-अडीच फूट जाळी उभी करा, पावसात मरळ काठ चढून चालायला लागते, सकाळी ज्वारीत सापडते. थाई मांगूर कुणी सुचवला तर कानावर हात ठेवा, त्याच्यावर बंदी आहे अन् तो चिलापीच्या वरताण, आगीतून फुफाट्यात.

मरळ सोडली म्हणजे एका रात्रीत तळं साफ, पी हळद अन् हो गोरी, असं होत नाही. मार्चपासून पाणी तापलं की उरलेल्या माद्या परत सुरू होणारच, मरळ फक्त लगाम लावते. खरी सफाई तुमची मोसंबीच करून देणार. एप्रिल-मेमधी पाणी बागेला जात जात तळ उघडा पडायला लागतो, तेव्हा लक्ष ठेवा, कारण पाणी कमी, ऊन जास्त, मासे तेवढेच, तर पहाटे पहाटे मासे वर येऊन तोंड उघडझाप करायला लागतात. शेवाळ रात्री हवा खातं, देत नाही. असं दिसलं की त्याच सकाळी मोठे काढून विका, दुपारची वाट बघू नका. अन् शेवटी गुडघाभर पाणी राहिलं, बागेला आता लागत नाही, तेव्हा मोहाची पेंड टाका, तिनं उरलेले मासे मरतात. मात्रा घनमीटरला पाव किलो. तुमच्या तळ्याला उतार धरून तळ साधारण २४ बाय २४ राहतो, अर्धा मीटर पाणी असलं तर तीनशे घनमीटर, म्हणजे ७५ किलोच्या आसपास. रात्रभर भिजवून सगळीकडं सारखी फेका. ढोरं त्या पाण्यावर जाऊ देऊ नका, अन् पंधरा-वीस दिवस नवं बीज नाही. नंतर तळ कडक उन्हात तडकू द्या. खड्ड्यात ओंजळभर पाणी राहिलं तरी त्यात दोन चिलाप्या राहतात, लई चिवट जात, म्हणून डबकं न् डबकं बघायचं.

पुढच्या वर्षी परत चिलापीच करायची का? करा, माझी ना नाही, पण तुमच्या कालव्याचा बंदोबस्त झाला तरच. मोटारीच्या पाईपच्या तोंडाला मच्छरदाणीच्या कापडाची दुहेरी पिशवी बांधा, लांबलचक, खमिसाच्या बाहीसारखी, म्हणजे पाण्याच्या जोरानं फाटत नाही, अन् रोज झटका. हे जमणार नसंल, गडी म्हणंल मालक पिशवी सारखी गाळानं भरती अन् तुम्ही म्हणाल राहू दे, तर मग रोहू-कटला बरे, मरळ संगं ठेवून.

करायचीच तर फेब्रुवारीत सोडू नका, तिथंच तुमची निम्मी चूक झाली असं माझं मत आहे. फेब्रुवारीत सोडलेली चिलापी जून-जुलैत वयात आली, समोर सगळा पावसाळा पडलेला, वरून उन्हाळ्यात पाणी आटून गर्दीबी झालेली. त्यापेक्षा जुलैत, तळं भरलं की, दहा-वीस ग्रॅमची बोटुकली सोडायची. महाग पडते पण जुलै ते ऑक्टोबर पाणी चांगलं कोमट असतं (चिलापीला २८-३० अंश सगळ्यात मानवतं), अन् वयात येऊन पहिली-दुसरी वीण होईस्तोवर दिवाळी होऊन जाते, माल काढायचाच असतो. तिच्या लेकरांना लेकरं व्हायच्या आत तळं रिकामं, सगळी हुशारी एवढीच. अन् ५००० नाही. पाण्यात हवा मिसळायचा पंखा नसताना एवढ्या तळ्याला मी २००० च्या वर जात नाही.

आणखी एक वाट आहे, पिंजरा. एक इंची जाळीचा तरंगता पिंजरा तळ्यात सोडायचा अन् चिलापी त्यातच वाढवायची. पिंजऱ्यात नराला खड्डा करायला भुई नाही, मादीनं अंडी टाकली तरी ती तोंडात घ्यायच्या आत जाळीतून खाली पडतात, तळाला जाऊन वाया. म्हणजे माद्या असल्या तरी लेंढार होत नाही. माझ्या ओळखीच्या दोघांचं ह्यात बरं चाललंय, पण त्यांच्याकडं वीज भरवशाची आहे, पिंजऱ्यात दाटीनं मासा असतो तिथं हवा कमी पडली तर पळायला जागा नसती. तुमच्याकडं रात्रीची लाईट कशी आहे ते तुम्हाला ठाऊक.

हो, अन् बीज घ्यायच्या आधी जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसायच्या ऑफिसात जाऊन या. तिलापियाला परवानगी लागते अन् ती मोनोसेक्सलाच मिळते, बीज मान्यता असलेल्या ठिकाणचंच चालतं. कागदाचा कंटाळा येतो मान्य, पण बीजवाल्याशी भांडायची वेळ आली तर हातात पावती तरी असती. बीज आलं की पिशवीतल्या पिल्लांचे आकार बघा, मुगाएवढं अन् बोटाएवढं एकाच पिशवीत असंल तर परत पाठवा, कारण ज्यानं आकार वेगळे केले नाहीत त्यानं औषधबी सगळ्यांना वेळेवर दिलेलं नसणार.

तर आता दोन कामं करा. पंधरा मोठ्या अन् पंधरा बारक्यांच्या शेपट्यांचे फोटो टाका, उन्हात, पांढऱ्या कापडावर. अन् दहा चिरले त्यात किती गाभोळीच्या निघाल्या ते लिहा. दहातल्या सात-आठ निघाल्या तर नर निवडत बसायची मेहनत वाया आहे, सरळ मरळ सोडून मेची वाट बघू. दोन-तीनच निघाल्या तर ह्याच थंडीत हापा लावू, हाप्याची मापं मी देतो.